‘त्या घरी जाऊ नकोस’ म्हणणाऱ्यांना

एखाद्याच्या गाडीखाली माणूस गेला की दिवस मावळायच्या आत त्या चालकाभोवती एक सल्लागार मंडळ जमतं. एक मेहुणा, ओळखीतला एक वकील, पोलीस खात्यात ऊठबस असलेला एक गृहस्थ, एक विमा एजंट. मंडळाचे ठराव गावोगावी सारखेच असतात. फोन बंद ठेव. काही दिवस बाहेरगावी राहा. त्या घरी पाऊल टाकू नकोस. कुणापुढेही ‘चुकलं’ म्हणू नकोस, ती कबुली ठरेल. आणि तिसऱ्या-चौथ्या रात्री माणूस झोपतच नाही असं लक्षात आलं की शेवटचा ठराव येतो : अरे, तुझा काय दोष? त्याची वेळ भरली होती. विसर आता.

हे सगळं मायेपोटी चाललेलं असतं, हे मान्य. मंडळाच्या हेतूबद्दल मला काही म्हणायचं नाही. माझा वाद त्यांच्या शहाणपणाशी आहे. ‘तू मनाला लावून घेऊ नकोस, कायद्याचं आम्ही बघतो’ ही भूमिका आपल्याकडे इतकी मुरली आहे की तिला कुणी भूमिकाही म्हणत नाही. ती नुसती समजूतदारी मानली जाते. माझं म्हणणं असं की हा सल्ला दोन्ही घरांना बुडवतो. मेलेल्याच्या घरी ‘नेमकं झालं काय’ हा प्रश्न जन्मभर तसाच राहतो, आणि इकडे चालक निर्दोष सुटला तरी सुटत नाही.

२०२२ साली भारतातल्या रस्त्यांवर १,६८,४९१ माणसं मेली. त्यातली १५,२२४ महाराष्ट्रात. हे आकडे केंद्रीय रस्ते वाहतूक मंत्रालयाचे. दरवर्षी असे आकडे पेपरात येतात आणि आपण पान उलटतो. त्याच अहवालात ‘हिट अँड रन’चा एक रकाना आहे. त्या एका वर्षात तीस हजारांहून अधिक मृत्यू असे झाले, की धडक देणारा थांबलाच नाही. ज्यांच्या हातून ही माणसं गेली त्यांचं पुढे काय होतं, याचा रकाना मात्र नाही. त्यांत दारू पिऊन स्टिअरिंग धरणारे आहेत. तसेच आपल्या बाजूने, चाळीसच्या वेगाने चाललेले आणि दोन उभ्या गाड्यांच्या फटीतून पोर धावत पुढ्यात आलेलेही आहेत. मंडळाचा सल्ला दोघांनाही एकच.

पहिला प्रश्न थांबायचं की पळायचं. इथे मंडळाची बाजू सगळ्यांत भक्कम आहे, आणि ती उडवून लावणारा माणूस कधी ट्रक घेऊन गावातून गेलेला नसावा. जमाव चूक कुणाची हे विचारत नाही. जी गाडी मोठी, तिची चूक. हे कायद्यालाही ठाऊक आहे. मोटार वाहन कायद्याचं १३४ कलम जखमीला वैद्यकीय मदत मिळवून देण्याची जबाबदारी चालकावर टाकतं, पण जमावाच्या प्रक्षोभामुळे ते शक्य नसेल तर सूट, असंही त्यातच लिहून ठेवतं. संसदेने आपल्याच नागरिकांबद्दल कायद्यात नोंदवून ठेवलेलं हे मत आहे, आणि दुर्दैवाने ते खरं आहे. मात्र कलम तिथे संपत नाही. जवळच्या पोलीस ठाण्यात जा, काय घडलं ते सांगा, मदत का करता आली नाही तेही सांगा, आणि हे होईल तितक्या लवकर, काहीही झालं तरी चोवीस तासांच्या आत, असं ते पुढे म्हणतं. जीव वाचवायला जागेवरून निघणं कायद्याला समजतं. नाहीसं होणं समजत नाही. मंडळ नेमके हे चोवीस तास खाऊन टाकतं.

भारतीय न्याय संहितेतलं १०६(२) हे कलम आठवत असेल. अपघातात जीव घेऊन, पोलिसांना न कळवता पळून जाणाऱ्याला दहा वर्षांपर्यंत कैद. त्याविरुद्ध जानेवारी २०२४च्या पहिल्या दोन दिवसांत ट्रकचालकांनी चाकं थांबवली आणि आपण पेट्रोल पंपांवर रांगा लावल्या. १ जुलै २०२४ला संहिता लागू झाली ती हे उपकलम बाजूला ठेवून. चालकांची भीती खोटी होती असं मी म्हणणार नाही. दहा वर्षांच्या धमकीने भेदरलेला माणूस थांबत नाही, उलट आणखी जोरात पळतो. पण त्या आठवड्यातल्या साऱ्या चर्चेत टँकर होते, रांगा होत्या, चालकांच्या हलाखीच्या कहाण्या होत्या. रस्त्यावर पडलेला माणूस आणि त्याचं घर कुणाच्याच बोलण्यात नव्हतं.

आता वकिलाकडे येऊ. तो म्हणतो, भेटायला गेलास तर अडकशील. यात कायद्याचा आधार अजिबात नाही असं नाही, आणि आधार केवढा आहे तेही पाहू. मोटारीच्या विमा पॉलिसीच्या मागच्या पानावर, कुणी न वाचलेल्या बारीक टाइपात, एक अट असते : कंपनीच्या लेखी संमतीशिवाय विमाधारकाने कसलीही कबुली, आश्वासन किंवा देणं देऊ नये. शिवाय आपला पुराव्याचा कायदा मोठा गमतीचा आहे. पोलिसापुढे दिलेला कबुलीजबाब आरोपीविरुद्ध वापरता येत नाही, पण मयताच्या बापापुढे तोंडून निघालेलं वाक्य साक्षीत येऊ शकतं. म्हणजे कायद्याच्या हिशोबात चालकाला पोलीस ठाण्यापेक्षा दुखवट्याचं घर जास्त धोक्याचं! वकील सावध करतो त्यात त्याचं काही चुकत नाही.

चुकतं ते यापुढे. गप्प बसलं की काही बोललं जात नाही, असं मंडळाला वाटतं. ज्याने मोटार अपघात दावा न्यायाधिकरणातली एकदोन प्रकरणं वाचली असतील त्याला विचारा. दावा विधवेने किंवा आईबापांनी लावलेला असतो. सामनेवाले म्हणून चालक, गाडीचा मालक आणि विमा कंपनी. चालक बहुतेक वेळा येतच नाही, त्याच्याविरुद्ध एकतर्फी हुकूम होतो. मालकही येईनासा झाला की १७० कलमाखाली विमा कंपनी परवानगी मागते आणि चालक-मालकाला जे जे बचाव करता आले असते ते सगळे स्वतः मांडते. मग कैफियत दाखल होते. मयत बेदरकारपणे मोटारसायकल चालवत होता. मयताने हेल्मेट घातलं नव्हतं. मयत चुकीच्या बाजूने आला. मयताच्या उत्पन्नाचा पुरावा नाही, तो कमावत होता हेच मान्य नाही. ज्या आईने शेवटचा डबा भरून दिला ती हे सगळं साक्षीच्या पिंजऱ्यात उभी राहून ऐकते, आणि उलटतपासात तिला विचारलं जातं : तुम्ही अपघात डोळ्यांनी पाहिला का?

हे चालकाच्या मौनाचं भाषांतर आहे. त्याने स्वतः एक शब्द उच्चारलेला नाही. त्याच्या वतीने मात्र पानंच्या पानं बोललं गेलं, आणि त्या घराने ते त्याचंच बोलणं मानलं. विमा कंपनीच्या वकिलाला मी दोष देत नाही, त्याचं कामच ते आहे. प्रश्न एवढाच की रिकामी खुर्ची कुणी ना कुणी भरतंच, आणि जो भरतो त्याला मेलेल्या माणसाबद्दल काहीही वाटत नसतं.

‘मग पैसे मिळतात ना त्यांना?’ मंडळातला विमा एजंट विचारतो. मिळतात, बऱ्याच वर्षांनी का होईना. हिशोबही ठरलेला आहे. सरला वर्मा प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००९ साली गुणकांचा तक्ता घालून दिला : मयत पंधरा ते पंचवीस वर्षांचा असेल तर वार्षिक उत्पन्न गुणिले अठरा. अविवाहित असेल तर त्यातलं निम्मं तो स्वतःवरच खर्च करता, असं धरून वजा. २०१७च्या प्रणय सेठी निकालाने बाकीच्या रकमाही बांधून दिल्या. अंत्यविधीचे पंधरा हजार. जोडीदाराच्या सहवासाला मुकल्याचे चाळीस हजार, दर तीन वर्षांनी त्यात दहा टक्के वाढ. या तक्त्याला मी हसत नाही. त्याच्याआधी न्यायाधीशागणिक रक्कम बदलायची, आणि गरिबाच्या वाट्याला तुटपुंजं यायचं. भरपाई हा त्या घराचा हक्क आहे आणि ती वेळेवर मिळायला हवी. पण हा हिशोब चुकता झाला म्हणून चालकाचं त्या घराशी काही देणं उरलं नाही, असं समजणारा माणूस चाळीस हजारांत सहवास मोजला गेला असं खरंच धरून चालतो.

त्या घराला हवं तरी काय असतं? ज्यांनी असे प्रसंग जवळून पाहिलेत त्यांना ठाऊक आहे की पहिले प्रश्न सूडाचे नसतात. लगेच गेला का? काही बोलला का? पाणी मागितलं का? जवळ कोण होतं? या प्रश्नांची उत्तरं पंचनाम्यात नसतात. पंचनाम्यात रस्त्याची रुंदी असते, टायर घासल्याच्या खुणांची लांबी असते. शेवटची दोन मिनिटं पाहिलेला माणूस कित्येकदा जगात एकच असतो, आणि त्यालाच आपण गावाला पाठवून दिलेलं असतं.

दोष नसलेल्या माणसाचं दुःख म्हणजे मनाचा कमकुवतपणा, हे मंडळाचं गृहीतक मला सगळ्यांत घातक वाटतं. आणि या बाबतीत आपल्याकडच्या सगळ्यांत जुन्या अपघाताची गोष्ट आपण चुकीची वाचत आलो आहोत. श्रावणबाळाची. ती कावड, आईबापांची सेवा, आज्ञाधारक मुलगा, असं आपण पोरांना सांगतो, आणि शेवटी शाप म्हणजे कर्माचं फळ असं म्हणून हात झटकतो. वाल्मीकीने ती सांगितली आहे ती मात्र ज्याच्या हातून मृत्यू घडला त्याच्या तोंडून. राम वनात गेल्यानंतरच्या सहाव्या रात्री, मध्यरात्री, मरायला टेकलेला दशरथ कौसल्येला ती सांगतो. पावसाळ्याचे दिवस, शरयूचा काठ, अंधार. तरुण युवराजाला आपल्या शब्दवेधाचा अभिमान. घडा भरल्याचा आवाज येतो, त्याला तो हत्ती वाटतो. बाण सुटतो आणि माणसाचा आवाज येतो.

इथे दशरथाचं मंडळ जवळ असतं तर काय म्हणालं असतं? अंधार होता, तुझा काय दोष? साक्षीदार कोण? दोन आंधळी म्हातारी माणसं, त्यांना कोण सांगणार? रथ वळव. दशरथ रथ वळवत नाही. मरणारा मुलगा त्याला सांगतो की माझ्या बापाला तूच जाऊन सांग. दशरथ तोच घडा पाण्याने भरतो आणि वाट धरतो. म्हातारा पावलांचा आवाज ऐकून उशीर का केलास म्हणून लाडाने रागावतो, आणि या माणसाला सांगावं लागतं की मी तुमचा मुलगा नव्हे, मी दशरथ. झालेलं सगळं तो स्वतःच्या तोंडाने सांगतो. मग त्या दोघांना हाताला धरून मृतदेहापाशी नेतो. त्यावर म्हातारा जे बोलतो ते आपल्या कीर्तनांतून फारसं ऐकू येत नाही. तो म्हणतो, हे तू आपण होऊन येऊन सांगितलं नसतंस तर तुझ्या मस्तकाच्या चिंधड्या झाल्या असत्या. नकळत घडलं म्हणून तू जिवंत आहेस. आणि मग तो शाप देतो.

हे तीनही एकत्र आहेत, यात या गोष्टीचं मोठेपण आहे. नकळत घडलं हे बापाला मान्य. सांगायला आला याची किंमत मान्य. तरीही दुःख उरतं आणि ते दशरथाच्या वाट्याला येतंच. ‘दोष नाही’ आणि ‘काहीच नाही’ या दोन गोष्टी वेगळ्या असतात हे त्या आंधळ्या म्हाताऱ्याला दिसत होतं. मंडळाला दिसत नाही.

हीच गोष्ट ब्रिटिश तत्त्वज्ञ बर्नार्ड विल्यम्स यांनी १९७६च्या एका निबंधात एका ट्रकचालकाचं उदाहरण घेऊन मांडली. चालकाची काडीची चूक नाही, तरी मूल चाकाखाली आलं. आपण सारे त्याची समजूत काढणार आणि काढावीच, असं विल्यम्स म्हणतात. पण तो लगेच, सहज ‘खरंच, माझा काय दोष’ म्हणून चहा मागवू लागला तर आपल्यालाच त्याच्याबद्दल काहीतरी खटकेल. (चहा माझा.) विल्यम्सना कळलेली गोष्ट अशी, की बाजूला उभं राहून पाहणाऱ्याचं वाईट वाटणं आणि ज्याच्या हातांनी ते घडलं त्याचं वाईट वाटणं, यांत जातीचा फरक आहे. ‘तुझा काय दोष’ म्हणणारा चालकाला बघ्यांच्या रांगेत उभं करू पाहतो. चालकाला ठाऊक असतं की आपण त्या रांगेतले नाही.

शंका असेल तर मुंबईच्या लोकलच्या मोटरमनकडे पाहा. २०२३ साली मुंबईच्या उपनगरी रेल्वेवर २,५९० माणसं मेली, त्यांत रूळ ओलांडताना गाडीखाली आलेले पुष्कळ. मोटरमन इतका निर्दोष आरोपी शोधून सापडणार नाही. गाडी रुळावरून बाजूला घेता येत नाही आणि ब्रेक लावले तरी भरलेली लोकल जागच्या जागी थांबत नाही. त्याच्यावर खटला नाही, त्याला जमावाची भीती नाही, वकिलाची गरज नाही. मंडळाचं तर्कशास्त्र खरं असेल तर त्याने रात्री गाढ झोपायला हवं. नोकरीच्या काळात एकाहून अधिक वेळा हे पाहिलेल्या कुणा मोटरमनशी बोला. निर्दोष असल्याचं प्रमाणपत्र त्याच्या खिशात पहिल्या दिवसापासून आहे. त्याचा त्याला काही उपयोग झालेला नाही.

आता ‘वेळ भरली होती’कडे. हे वाक्य दोन्ही घरांत बोललं जातं, म्हणून जास्त जपून तपासायला हवं.

मेलेल्याच्या घरातही अपराधीपण असतं आणि ते चालकाच्या अपराधीपणापेक्षा विचित्र असतं, कारण त्याला काही आधारच नसतो. मीच त्याला दुधाला पाठवलं. मीच म्हटलं, एसटीची वाट बघू नकोस, मित्राच्या गाडीवर ये. सकाळी भांडण झालं आणि तो तसाच गेला. अशा बाईला ‘वेळ भरली होती’ म्हटलं की क्षणभर बरं वाटत असेल, मी नाकारत नाही. पण तिला जे बोलायचं होतं ते त्या वाक्याने तोंडातल्या तोंडात अडवलं जातं. आपल्या जुन्या लोकांना हे आपल्यापेक्षा जास्त कळत होतं. दहाव्या दिवशी घाटावर पिंडाला कावळा शिवेना की काय होतं आठवा. एकेक जण पुढे येतो आणि मोठ्याने बोलतो : तुझ्या पोरांकडे मी बघेन. शेताची वाटणी नीट करू. तुझं ऐकलं नाही, राग धरू नकोस. चारचौघांत, एरवी तोंडातून शब्द न काढणारे बापये हे बोलतात. कावळ्यावर माझा विश्वास नाही. पण ज्या समाजाने अपराधीपण उघड्यावर बोलून दाखवायला एक जागा आणि एक वेळ नेमून दिली होती, त्याने आता त्याच माणसांना ‘विसर’ म्हणावं, हे मला अधोगतीचं लक्षण वाटतं. आणि त्या घाटावर एक माणूस कधीच नसतो. मंडळाने त्याला गावाला पाठवलेलं असतं.

‘वेळ भरली’ हे वाक्य आणखी एकाच्या फार सोयीचं आहे. २ ऑगस्ट २०१६च्या रात्री महाडजवळ सावित्रीवरचा ब्रिटिश काळातला दगडी पूल पुरात गेला आणि दोन एसटी गाड्या प्रवाशांसकट नदीत गेल्या. त्याच वर्षी मे महिन्यात पुलाची पाहणी झाली होती आणि तो वाहतुकीला योग्य ठरला होता, असं सरकारनेच तेव्हा विधिमंडळात सांगितलं. पुढे विक्रमी वेळात, १६५ दिवसांत, नवा पूल झाला आणि त्याचा गौरवही झाला. पूल लवकर झाला ही चांगलीच गोष्ट. पण त्या रात्रीचं ओझं कुणाच्या मनावर राहिलं असेल तर एखाद्या कंडक्टरच्या बायकोच्या, जिने त्या दिवशी सुटी घ्या असा हट्ट धरला नाही. पाहणीच्या कागदावर सही करणाऱ्या यंत्रणेचं अपराधीपण कधी आपल्या ऐकण्यात आलं का? जिथे दोष आहे तिथे अपराधीपण नाही, आणि जिथे दोष नाही तिथे ते भरभरून आहे. दैवाची भाषा ही उलटापालट झाकून टाकते.

वाचलेल्यांचं तर विचारूच नका. २८ जुलै २०१८ला दापोलीच्या कोकण कृषी विद्यापीठातल्या कर्मचाऱ्यांची बस महाबळेश्वरला सहलीला निघाली होती. पोलादपूरजवळच्या आंबेनळी घाटात ती दरीत कोसळली. तीस जण गेले. वाचलेला एकच. दरीतून वर येऊन त्यानेच खबर दिली. पुढे काही नातेवाइकांनी संशय त्याच्यावरच घेतला, गाडी कोण चालवत होतं असं विचारलं, चौकशीची मागणी केली. त्या नातेवाइकांना मी नावं ठेवणार नाही. तीस घरांवरचा प्रश्न घेऊन ते ज्याच्याकडे जाऊ शकत होते असा माणूसच एक उरला होता. पण वाचणं हासुद्धा आपल्याकडे खुलासा द्यायचा विषय होतो, हे त्यातून दिसलं. ‘देवाने तुला वाचवलं’ असं अशा माणसाला सांगणाऱ्यांनी एकदा त्याच्या जागी उभं राहून पाहावं. मग बाकीच्या तिसांचं देवाने काय केलं, हा प्रश्न त्याला त्याच वाक्यातून ऐकू येतो.

माझ्या म्हणण्यावर विरुद्ध बाजूनेही हल्ला होईल. म्हणतील, पुण्याच्या कल्याणीनगरचं विसरलात का? १९ मे २०२४, महागडी मोटार, अल्पवयीन चालक, दोन तरुण अभियंते ठार, आणि बाल न्याय मंडळाने जामीन देताना तीनशे शब्दांचा निबंध लिहायला सांगितला. माफी, भेट, अपराधीपण हे सगळं त्या निबंधासारखंच स्वस्त होईल, पैसेवाले हसत हसत हात जोडून येतील.

आक्षेप योग्य आहे, पण तो माझ्या बाजूने बोलतो. त्या प्रकरणात लोक खवळले ते काय ऐकून? घरच्या नोकर चालकाला गुन्हा स्वतःवर घ्यायला लावण्याचा प्रयत्न झाला, रक्ताचे नमुने बदलले गेले, असे पोलिसांचे आरोप आहेत. म्हणजे तिथेही, आरोप खरे असतील तर, मंडळच बसलं होतं, फक्त ते श्रीमंतांचं होतं आणि त्याच्या हाताला इस्पितळापर्यंत पोहोच होती. गरिबाच्या मंडळाने फोन बंद ठेवायला सांगितला, श्रीमंताच्या मंडळाने नमुना बदलला. ठराव एकच : हे तुझ्यापर्यंत येता कामा नये. त्या घरी जाणं हे शिक्षेऐवजी नसतं. जो दारू पिऊन चालवत होता त्याने तुरुंगात जावं आणि त्या घरासमोरही जावं, ते दार उघडतील की नाही हे त्यांनी ठरवावं. दार उघडण्याची सक्ती त्यांच्यावर कुणी करू नये. काही घरं कधीच उघडणार नाहीत, आणि तो त्यांचा अधिकार आहे.

दुसरा आक्षेप डॉक्टर मंडळींचा : अशा माणसाला अपराधीपणातून बाहेर काढायचं की त्यात ढकलायचं? बाहेर काढायचं, अर्थात. ज्याची झोप गेली आहे, जो जिवाचं बरंवाईट करण्याचं बोलतो, त्याला मानसोपचारतज्ज्ञाकडे न्या, आजच न्या. पण बाहेर पडायचा रस्ता समोरून आहे. अमेरिकन मानसशास्त्रज्ञ मेरीॲन ग्रे यांच्या मोटारीपुढे १९७७ साली एक लहान मुलगा धावत आला आणि गेला. त्यांची चूक नव्हती. पंचवीसहून अधिक वर्षं त्या यावर जाहीरपणे बोलल्या नाहीत. २००३ साली सँटा मोनिकाच्या बाजारात एका वृद्ध चालकाच्या गाडीखाली दहा माणसं मेली, लोक त्याला शिव्या घालू लागले, तेव्हा त्या रेडिओवर बोलल्या. पुढचं आयुष्य त्यांनी अशाच, नकळत जीव घेतलेल्या माणसांसोबत घालवलं. मानसशास्त्र शिकलेल्या बाईलाही गप्प राहून बरं होता आलं नाही.

आता वकिलाच्या खऱ्या भीतीचं उत्तर, कारण ती भीती मी मान्य केली आहे. तिचं उत्तर चालकाच्या धैर्यावर सोडून चालणार नाही, ते कायद्यातच द्यावं लागेल. अमेरिकेतल्या मॅसॅच्युसेट्स राज्यात एका सिनेटरची मुलगी सायकलवर जाताना मोटारीखाली गेली. चालक कधीच दुःख व्यक्त करायला आला नाही, कारण तसं केलं तर ते आपल्याविरुद्ध वापरलं जाईल ही भीती. त्या राज्याने १९८६ साली कायदा केला की अपघातानंतर व्यक्त केलेली सहानुभूती दायित्वाचा पुरावा म्हणून वापरता येणार नाही. कॅनडातल्या ब्रिटिश कोलंबियाने २००६ साली माफीचा स्वतंत्र कायदा केला. इंग्लंडने त्याच वर्षी भरपाईच्या कायद्यात एक वाक्य घातलं : केवळ माफी मागितली म्हणून निष्काळजीपणाची कबुली दिली असं होत नाही. यामुळे तिथले चालक रातोरात संत झाले असतील असं मला वाटत नाही. पण तिथल्या वकिलाला निदान ‘जाऊ नकोस’ म्हणायचं कारण उरलं नाही.

आपल्या मोटार वाहन कायद्यात असं वाक्य नाही. २०१९च्या दुरुस्तीत जखमीला मदत करणाऱ्या त्रयस्थासाठी १३४अ कलम आलं, त्याला पोलिसांच्या आणि कोर्टाच्या कटकटीतून संरक्षण मिळालं. उत्तम झालं. त्याच १३४च्या शेजारी आणखी एक उपकलम घाला : अपघातानंतर मयताच्या कुटुंबाला भेटणं, दुःख व्यक्त करणं, अंत्यविधीला हातभार लावणं, हे फौजदारी खटल्यात किंवा भरपाईच्या दाव्यात कबुली मानलं जाणार नाही आणि त्या कारणाने विमा कंपनीला पॉलिसीची अट मोडल्याचं म्हणता येणार नाही. खासदारांनी पुढच्या दुरुस्तीच्या वेळी एवढं मागावं. तोवर, तुम्ही अशा एखाद्या मंडळात बसलेले असाल आणि तो माणूस रात्री तुमच्याकडे पाहत असेल, तर त्याला ‘विसर’ म्हणू नका. त्या घरी कोण कोण आहे ते विचारा. आणि कधी ना कधी तो जायला निघाला, तर त्याच्यासोबत जा.